भोपळ्यातली म्हातारी कुठल्या ऋतूत निघाली?

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला आवडतं त्यांच्यासाठी या भागाचा हा लिखित मजकूर. बोलताना येणारे 'म्हणजे' आणि 'अॅक्चुअली' मी बरेचसे काढलेत, काही राहिलेत, चालवून घ्या.

आजचा विषय लहान मुलांच्या गोष्टी. पण आपल्या नेहमीच्या पद्धतीनं, म्हणजे इतिहास म्हणून. प्रश्न एकच धरून चालू या. गोष्टीत वाघ-लांडगा येतो तेव्हा बाहेर हवा कशी असते? थंडी असते, वारा असतो, की पाऊस? प्रश्न फालतू वाटेल, पण गोष्टीतला ऋतू बघितला की ती सांगणारी माणसं त्या प्राण्याशी कशी वागत होती, तेही दिसायला लागतं. शेवटी आपण जुन्नरच्या उसात पोचणार आहोत, तेव्हा थोडा धीर धरा.

बर्फात अडकलेली शेपूट

सुरुवात उत्तरेकडून करू. युरोपात एक जुनी गोष्ट आहे. कोल्हा मासे पळवतो. लांडगा विचारतो, एवढे मासे कुठून आणलेस? कोल्हा म्हणतो, सोपं आहे, गोठलेल्या तळ्याला भोक पाड, शेपूट आत सोड आणि रात्रभर बसून राहा, मासे आपोआप चिकटतील. लांडगा बसतो. रात्रीत पाणी गोठतं, शेपूट बर्फात घट्ट अडकते. सकाळी लोक काठ्या घेऊन धावत येतात आणि लांडग्याला शेपूट गमवावी लागते.

साधारण 1149 च्या सुमारास आजच्या बेल्जियममधल्या घेंट भागात 'इसेनग्रिमस' नावाचं मोठं लॅटिन काव्य लिहिलं गेलं. त्यात हा प्रसंग आहे. म्हणजे गोष्ट कागदावर येऊनच पावणेनऊशे वर्षं झाली. नॉर्वेत हीच गोष्ट अस्वलावर सांगतात आणि अस्वलाची शेपूट आखूड का, याचं ते उत्तर होऊन बसतं.

यातली गंमत अशी की बर्फ काढून घेतलं तर गोष्ट संपली. कोल्हा कितीही हुशार असू दे, सापळा लावते ती थंडीच. आणि लांडगा फसतो कारण तो उपाशी आहे. उत्तरेच्या गोष्टींत हिवाळा, भूक आणि लांडगा ही तीन टोकं अशी एकत्र बांधलेली असतात. पंधराव्या शतकात पॅरिसमधल्या एका अनामिक माणसानं लिहिलेली रोजनिशी उपलब्ध आहे. युद्ध आणि दुष्काळानं शहर खिळखिळं झालेलं असताना लांडगे थेट पॅरिसमध्ये शिरल्याच्या, माणसं मारल्याच्या नोंदी तिच्यात आहेत. जिथे लोकांना असलं काही आठवत होतं, तिथे लांडगा गोष्टीत नुसता 'एक प्राणी' म्हणून येणं शक्य नव्हतं.

फुंकर कोण मारतं?

आता वाऱ्याकडे येऊ. तीन डुकरांची गोष्ट आपल्याकडेही इंग्रजी माध्यमातून घराघरात पोचलीय. गवताचं घर, काटक्यांचं घर, विटांचं घर, आणि लांडगा फुंकर मारून पहिली दोन पाडतो. जोसेफ जेकब्स यांनी 1890 मध्ये इंग्लिश परीकथांच्या संग्रहात ती छापली आणि ती जगभर गेली.

माझा पाच वर्षांचा भाचा ही गोष्ट ऐकून म्हणाला, "मामा, आपला वाघ फुंकर का मारत नाही?" मी हसलो, पण नंतर दोन दिवस तो प्रश्न डोक्यातून जाईना. खरंच की! लांडगा दात वापरत नाही, नखं वापरत नाही. तो फुंकतो. हा प्राणी कमी आणि वारा जास्त आहे. हिवाळी वादळात छप्पर उडून जाण्याची भीती आणि दाराबाहेरच्या जनावराची भीती, दोन्ही एका तोंडात बसवल्यात.

मग आपल्याकडे घर पडण्याची गोष्ट कुठली? चिमणी-कावळ्याची. एकाचं घर मेणाचं, दुसऱ्याचं शेणाचं. पाऊस येतो आणि शेणाचं घर वाहून जातं. कावळा भिजत चिमणीच्या दारात येऊन उभा राहतो, आणि चिमणी आतून बाळाची एकेक कामं सांगत त्याला ताटकळत ठेवते. दोन्ही गोष्टींत कच्चं घर पडतं आणि पक्क्या घराचं दार वाजतं. पण आपल्या गोष्टीत घर पाडणारा खलनायक नाहीच. पाऊस कुणाचा शत्रू नसतो, त्याच्याशिवाय शेती कशी होणार? त्यामुळे पावसाला दात आणि नखं लावायची कुणाला गरज वाटली नाही. दारात येतो तो बिचारा भिजलेला शेजारी. आणि तिथे प्रश्न येतो शेजाऱ्याला आत घ्यायचं की नाही याचा.

आपल्याकडचा हिवाळा आणि कुडकुडणारी माकडं

म्हणजे भारतीय गोष्टींत थंडी-वारा नाहीच का? आहे, आणि चांगला कडक आहे. पंचतंत्र उघडा. पहिल्याच तंत्रात माकडांची गोष्ट आहे. हेमंत ऋतू, डोंगर, झोंबणारा वारा आणि काकडलेला माकडांचा कळप. ती माकडं गुंजा गोळा करतात. लाल गुंजा म्हणजे निखारेच आहेत असं समजून ढीग करतात आणि भोवती बसून फुंकर मारत राहतात. (बघा, इथेही फुंकर आहेच, पण ऊब मिळवण्यासाठी!) सूचीमुख नावाचा पक्षी सांगायला जातो, अरे बाबांनो, ही आग नाही, एखादी गुहा शोधा. तो सांगतच राहतो. शेवटी एक माकड वैतागून त्याला पकडतं आणि दगडावर आपटून मारतं. काही आवृत्त्यांत गुंजांच्या जागी काजवा असतो.

त्याच तंत्रात अजून एक गोष्ट आहे. शमीच्या झाडावर चिमणा-चिमणीचं घरटं, हेमंतातला अवकाळी पाऊस, आणि वाऱ्यानं गारठून झाडाखाली आलेलं एक माकड. चिमणी वरून उपदेश करते की हातपाय असून तू घर का बांधत नाहीस. माकड झाडावर चढून तिचं घरटंच मोडून टाकतं.

दोन्हीकडे तात्पर्य एकच सांगतात, की मूर्खाला उपदेश करू नये. पण मला त्यात दुसरंही काही दिसतं. इथे थंडीचा त्रास जनावरालाच होतो. थंडी त्याच्या रूपानं येत नाही. ते आपल्यासारखंच कुडकुडतं, शेकोटी शोधतं आणि कुडकुडणाऱ्या माणसासारखंच चिडचिडं होतं. इसेनग्रिमसमधला लांडगा आणि पंचतंत्रातलं माकड दोघंही थंडीत फजीत होतात. पण एकावर लोक काठ्या घेऊन धावतात. दुसऱ्याच्या बाबतीत गोष्ट म्हणते, तो गारठलाय, आत्ता त्याच्या नादी लागू नका. सावध राहायचंच आहे, पण त्याच्या जागी उभं राहून.

भोपळ्याचा फॅमिली ट्री

आता मुख्य पाहुण्या, म्हणजे भोपळ्यातल्या म्हातारबाई. गोष्ट मी सांगायला नको. हडकुळी म्हातारी जंगलातून लेकीकडे निघते. वाटेत कोल्हा भेटतो, वाघ भेटतो, कुणाच्या घरी अस्वलही भेटतं. प्रत्येक जण म्हणतो, तुला खातो. म्हातारी म्हणते, आत्ता माझ्यात आहे काय? लेकीकडे राहते, तूप-रोटी खाते, चांगली गुबगुबीत होते आणि मग येते, तेव्हा खा. परतताना ती भोपळ्यात बसते आणि भोपळा टुणुक टुणुक करत जंगलातून निघतो.

मी दिवसभर कोड लिहितो. एकाच गोष्टीच्या चार आवृत्त्या दिसल्या की पहिला विचार येतो, मूळ ब्रांच कुठली आणि फोर्क कधी झाला? लोककथेत ही पद्धत अर्धीच चालते. कारण लोककथेला कमिटची तारीख नसते. कुणीतरी ती कागदावर उतरवली, एवढीच तारीख मिळते. पण माणसांनी प्रयत्न केलाय. फिनलंडच्या अँटी आर्ने यांनी 1910 मध्ये लोककथांना प्रकारानुसार क्रमांक द्यायला सुरुवात केली, अमेरिकेच्या स्टिथ थॉम्पसन यांनी ते काम वाढवलं आणि जर्मनीच्या हान्स-यॉर्ग उथर यांनी 2004 मध्ये त्याची नवी आवृत्ती केली. या यादीत 'मी लठ्ठ होईपर्यंत थांब' हा एक स्वतंत्र प्रकार आहे. क्रमांक 122 फ. आपली म्हातारी तिथे बसते.

आणि तिची भावंडं बघा. इराणात हीच गोष्ट 'कदू किलकिलेजन' म्हणून प्रत्येक मुलाला माहीत असते. कदू म्हणजे भोपळा. तीही म्हातारीच, तीही लेकीकडेच निघालेली. तिला भेटतात लांडगा, बिबट्या आणि सिंह. (फारसीत बिबट्याला 'पलंग' म्हणतात, त्यामुळे मला आधी वाटलेलं चित्र फारच वेगळं होतं.) बंगालमध्ये उपेंद्रकिशोर रायचौधुरी, म्हणजे सत्यजित राय यांचे आजोबा, यांनी 1910 च्या 'टुनटुनिर बोई'त कुबड्या म्हातारीची गोष्ट दिली. ती नातीकडे जाते, तिचे दोन कुत्रे आहेत आणि शेवटी तेच कुत्रे कोल्ह्याचा निकाल लावतात. पंजाबात म्हातारीच्या जागी कोकरू आहे. ते आजीकडे निघतं आणि परतताना ढोलकीत बसून येतं. फ्लोरा अॅनी स्टील यांनी गोळा केलेली ही गोष्ट 1884 मध्ये, तीही आपल्या मुंबईत छापलेल्या, 'वाइड-अवेक स्टोरीज' या पुस्तकात आहे. तिथे शेवट कडू आहे. कोल्हा आवाज ओळखतो, ढोलकी फाडतो आणि कोकरू खाऊन टाकतो.

लांबचे चुलत भाऊही आहेत. नॉर्वेतले तीन बोकड याच कुटुंबातले, पण क्रमांक शेजारचा. आस्ब्यर्नसन आणि मू या जोडीनं 1840 च्या दशकात ती गोष्ट छापली. बोकड पुलाखालच्या राक्षसाला सांगतात, मला सोड, मागून येणारा जास्त जाड आहे. ते चाललेत डोंगरावरच्या कुरणात, लठ्ठ व्हायला. नॉर्वेत उन्हाळ्यात जनावरं वर चरायला न्यायची आणि थंडीच्या आधी खाली आणायची ही शेकडो वर्षांची रीत. अंगावरची चरबी म्हणजे हिवाळ्याची बेगमी. म्हणजे 'लठ्ठ होणं' या शब्दातच तिथला हिवाळा लपलाय.

तो भोपळा लाल नव्हता

मग आपल्या म्हातारीचा ऋतू कुठला? गोष्टीत तो सांगितलेला नाही. पण एक पुरावा आहे. भोपळा!

पुस्तकांतल्या चित्रांत म्हातारी नेहमी मोठ्या गोल लाल भोपळ्यात बसलेली असते. पण लाल भोपळा मूळचा अमेरिका खंडातला. कोलंबस 1492 ला तिकडे पोचला, त्यानंतरच तो आपल्याकडे येऊ शकला. गोष्टीची मुळं त्याहून जुनी असतील, तर त्यातला भोपळा दुसराच असणार, म्हणजे दुध्याच्या जातीतला, कडू भोपळा, तुंबा. हा आशिया-आफ्रिकेत हजारो वर्षं आहे. बंगालीत म्हातारी बसते ती 'लाऊ'च्या कवटीत, आणि लाऊ म्हणजे हाच दुध्या. व्यवहारानं बघितलं तरी हेच पटतं. लाल भोपळा आतून ओला, गराचा. म्हातारी त्यात बसली तर चिखल होईल. तुंबा मात्र वाळला की आतून पोकळ, बाहेरून लाकडासारखा कडक आणि वजनाला हलका. म्हणून तर तो वीणेला, एकतारीला लागतो, मिरजेच्या तंबोऱ्यांना लागतो. गावाकडे विहिरीत पोहायला शिकताना पाठीला जो भोपळा बांधतात, तोही वाळलेलाच. टुणुक टुणुक उडायला असाच भोपळा हवा.

आता हा भोपळा वाळतो कधी? वेल पावसाळ्यात चढतो, फळ पावसाळ्याच्या शेवटी धरतं आणि वेल सुकल्यावर हिवाळ्यात ते कडक होतं. दुसरीकडे, म्हातारी लेकीकडे जाऊन तूप-रोटी खाते ती कधी? पेरणीच्या घाईत कुणी आईला महिनाभर ठेवून घेत नाही. खरिपाचं धान्य घरात आलं, गाई-म्हशी दुधावर आहेत, तेव्हाच हे शक्य. माझा अंदाज असा की म्हातारी दिवाळीच्या आसपास निघते आणि भर थंडीत परत येते. गोष्टीत बर्फ नाही, वारा नाही, कारण दख्खनच्या थंडीत ते लागत नाही. इथली थंडी म्हणजे भरलेली कणगी, रिकामे झालेले रस्ते आणि माहेर-सासरचं येणंजाणं. उत्तरेत हिवाळ्यात दार बंद होतं. आपल्याकडे हिवाळ्यात वाट मोकळी होते. आणि वाट मोकळी झाली की वाटेवर तो भेटणारच.

वाघबारस

हा अंदाज मला जास्त खरा वाटायला लागला तो वाघबारशीमुळे. शहरात आपण दिवाळीची सुरुवात वसुबारशीनं करतो, गाय-वासराची पूजा. आश्विन वद्य द्वादशी. त्याच दिवशी सह्याद्रीच्या डोंगरपट्ट्यात, अकोले, जुन्नर, नाशिक, पालघर भागात, महादेव कोळी, ठाकर, वारली लोक वाघबारस करतात. त्या दिवशी वाघदेवाची, वाघोबाची पूजा असते. गुराखी घरोघरी फिरून शिधा गोळा करतात आणि वाघोबाच्या ठाण्यापाशी खीर करतात. अकोल्यातल्या (विदर्भातलं अकोला नव्हे, अहिल्यानगर जिल्ह्यातलं अकोले) काही गावांत मुलंच वाघ, अस्वल, कोल्हा होतात. बाकीचे त्यांना पिटाळतात आणि पुन्हा आमच्या शिवारात येणार नाही असं त्यांच्याकडून कबूल करून घेतात.

वाघ, अस्वल, कोल्हा. पात्रं ओळखीची वाटली ना?

वारल्यांच्या वाघोबाचा अभ्यास करणाऱ्या संशोधकांचा एक लेख 2021 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यांनी दीडशेहून जास्त वाघोबाच्या ठाण्यांची नोंद केली. त्यातून जे नातं दिसतं त्याला मी 'वाघावर प्रेम' म्हणणार नाही. ते देण्याघेण्याचं आहे. आम्ही तुझी वर्षाची पूजा चुकवणार नाही, तू आमची गुरं राख. पूजा चुकली तर तो येणार, हेही त्यात गृहीत आहे. म्हणजे हा करार आहे, आणि त्याचं नूतनीकरण दरवर्षी थंडीच्या तोंडावर होतं.

म्हातारीही करारच करते. नीट बघा, ती वाघाला 'मला खाऊ नकोस' म्हणत नाही. तू दुष्ट आहेस, असंही म्हणत नाही. तुझी भूक खरी आहे, ती मान्य करते आणि फक्त तारीख पुढे ढकलते. आमच्या भाषेत, बग क्लोज करत नाही, पुढच्या स्प्रिंटला टाकते. (टीममधल्या लोकांनी कृपया ओळखीचं हसू नये.)

करार मोडला गेला तेव्हा

आता इतिहासातला कडू भाग. पंजाबातली कोकराची गोष्ट मुंबईत छापली गेली 1884 साली. गोऱ्या मडमा, मिशनरी, अधिकारी तेव्हा भारतभर लोककथा गोळा करत होते. कारण हे सगळं नाहीसं होईल, टिपून ठेवलं पाहिजे, असं त्यांना वाटत होतं. आणि त्याच काळात तेच सरकार वाघ, बिबटे, लांडगे मारणाऱ्याला रोख बक्षीस देत होतं. इतिहासकार महेश रंगराजन यांनी सरकारी कागदपत्रांतून काढलेला हिशोब असा आहे. 1875 ते 1925 या पन्नास वर्षांत 80,000 पेक्षा जास्त वाघ, दीड लाखापेक्षा जास्त बिबटे आणि जवळपास दोन लाख लांडगे मारले गेले.

हे आकडे मी पहिल्यांदा वाचले तेव्हा परत वर जाऊन वर्षं तपासली. एका टेबलावर गोष्टीतला वाघ जपून लिहून घेतला जातोय आणि शेजारच्या टेबलावर खऱ्या वाघाच्या कातड्यामागे पैसे मोजले जातायत.

इराणात तर गोष्ट प्राण्याला मागे टाकून पुढे गेली. तिथला सिंह विसाव्या शतकाच्या मध्याला संपला. आजचं तेहरानमधलं मूल म्हातारीच्या वाटेवर ज्या सिंहाला भेटतं, तो त्याच्या देशात उरलेलाच नाही. आपल्याकडे चित्ता असाच गेला. 1952 मध्ये तो भारतातून नामशेष झाल्याचं सरकारनं जाहीर केलं, आणि आता आफ्रिकेतून पाहुणे आणावे लागले.

उसातली थंडी

पण बिबट्या गेला नाही. तो उसात आला.

पुणे जिल्ह्यातल्या जुन्नर, आंबेगाव, खेड, शिरूर या तालुक्यांत धरणं आणि कालवे झाले, ऊस वाढला. उंच, दाट आणि वर्षभर कुणी आत न शिरणारा ऊस म्हणजे बिबट्याच्या दृष्टीनं जंगलच. भोवती कुत्री, शेळ्या, डुकरं. बिबट्याच्या माद्या तिथेच पिल्लं घालतात. मग ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये साखर कारखान्यांचा गळीत हंगाम सुरू होतो. कोयते चालायला लागतात, ऊस एकेक फड करत मोकळा होतो, आणि तोडणीत पिल्लं सापडतात. ऐन थंडीत, आपल्या म्हातारीच्याच महिन्यांत, माणूस आणि बिबट्या एकमेकांसमोर येतात. फडाजवळ राहणारे ऊसतोड कामगार, त्यांची कोपीत झोपणारी मुलं, पहाटे शेतात पाणी धरायला जाणारा शेतकरी, हे सगळे त्या वाटेवर आहेत. माणसं मेली आहेत, लहान मुलं गेली आहेत. हा विषय एसीत बसून 'निसर्गावर प्रेम करा' म्हणण्याचा नाही, हे मला माहीत आहे.

अशा वेळी आपल्याकडे दोनच गोष्टी सांगितल्या जातात. एक व्हॉट्सअॅपवरची. नरभक्षक, राक्षस, दिसेल तिथे गोळी घाला. ही तीन डुकरांची गोष्ट झाली, ज्यात लांडगा शेवटी उकळत्या पाण्यातच पडला पाहिजे. दुसरी इन्स्टाग्रामवरची. पिल्लू किती क्यूट, बिचारा रस्ता चुकला. दोन्हीत खरा बिबट्या नाही.

2000 नंतरच्या पहिल्या काही वर्षांत जुन्नरमध्ये पकडलेले बिबटे लांबच्या जंगलांत नेऊन सोडले गेले. हेतू चांगला होता. पण विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नंतर जो अभ्यास प्रसिद्ध केला, त्यात दिसलं की या स्थलांतरानंतर माणसांवरचे हल्ले कमी व्हायच्या ऐवजी वाढले. अनोळखी जागी सोडलेलं जनावर बिथरतं, परत फिरतं, वाटेत माणसाला भिडतं. त्यांनीच पुढे अकोले परिसरात कॅमेरे लावून मोजणी केली. शेती आणि वस्तीच्या त्या पट्ट्यात 100 चौरस किलोमीटरला साधारण 5 प्रौढ बिबटे निघाले. म्हणजे तो चुकून आलेला पाहुणा नाही. वाट त्याचीही आहे.

आणि मग वनखात्याच्या सूचना काढून बघा. अंधारात एकट्यानं जाऊ नका. घोळक्यानं जा. मोठ्यानं बोलत जा, मोबाइलवर गाणी लावा. मुलांना एकटं सोडू नका. गोठा बंद ठेवा. घराभोवती उजेड ठेवा. या यादीत कुठेही बिबट्या चांगला की वाईट हे लिहिलेलं नाही. तो आहे, उपाशी असू शकतो आणि आज तुझी-माझी गाठ पडू नये अशी व्यवस्था करायची आहे, एवढंच. कडक भोपळ्यात बसून, आवाज करत, न थांबता जंगल ओलांडणारी म्हातारी दुसरं काय करत होती?

पण यादीतली प्रत्येक गोष्ट पाळायला पैसे आणि सोयी लागतात. शेतीला दिवसा वीज असेल तर रात्री पाणी धरायला जावं लागणार नाही. ऊसतोड कामगाराला दाराची खोली मिळाली तर मूल कोपीत झोपणार नाही. म्हातारीला भोपळा दिला होता तिच्या लेकीनं, हा तपशील आपण फार पटकन विसरतो. म्हातारीची हुशारी तिला जाताना पुरली. येताना मात्र तिला कुणीतरी कोरून दिलेला भोपळा लागला.

माझ्यापुरतं मी भाच्याला आता उत्तर देऊ शकतो. आपला वाघ फुंकर मारत नाही, कारण आपल्याकडे तो थंडी-वारा नव्हता. तो वाटेवर राहणारा आहे. त्याच्याशी बोलून वेळ मागायची आणि तेवढ्या वेळात घर भक्कम करायचं.

शेवटी एक काम तुम्हाला. तुमच्या घरी या गोष्टीचा शेवट कसा सांगतात? कुणाच्या गोष्टीत कोल्हा भोपळा फोडतो, कुणाच्यात म्हातारी त्याच्या डोळ्यांत राख फेकते, कुणाच्यात वाघ-कोल्हा आपसात भांडत बसतात आणि ती सटकते. तुमचा शेवट, सांगणाऱ्या माणसाचं गाव आणि वाटेत कुठकुठले प्राणी भेटले, हे लिहून पाठवा. अस्वल असेल तर नक्की सांगा, मला त्याचा नकाशा करायचाय.

काळजी घ्या. थंडीत बाहेर पडताना कानटोपी घाला, आणि उसाच्या कडेनं जात असाल तर मोठ्यानं गाणं म्हणा. सूर नसला तरी चालेल.